निम्मा कापायचा असतो, हे कुणी सांगितलं?

पगारातून होणाऱ्या कर्जवसुलीबद्दल बरीच पत्रं साठली होती. त्यांतल्या काहींना या महिन्यात उत्तरं देते. नावं आणि गावं छापत नाही.

प्रश्न : ताई, मी नगरपरिषदेत लिपिक आहे. २०१७ मध्ये मित्राने राष्ट्रीयीकृत बँकेकडून टेम्पोसाठी कर्ज काढलं, मी जामीन राहिलो. हप्ते थकले, बँकेने टेम्पो ओढून नेला आणि विकला. उरलेल्या रकमेचा दावा आम्हा दोघांवर झाला. ‘मी बघतो सगळं’ असं मित्र म्हणाला, म्हणून मी वकील दिला नाही. साडेनऊ लाख आणि वर व्याज असा हुकूमनामा झाला. जून २०२२ पासून माझ्या पगारातून दरमहा २१,५०० कापून कोर्टात जातात. हिशेबात धरला जाणारा पगार ४३,००० आहे. जून ते सप्टेंबर २०२३ या चार महिन्यांत बदलीमुळे कपात थांबली होती, नव्या ठिकाणी ऑक्टोबरपासून पुन्हा लागली. आस्थापना विभागातले साहेब म्हणतात, ‘निम्मा कापायचाच असतो, आणि कर्ज फिटेपर्यंत चालणार.’ मित्र गावात नवी गाडी फिरवतो. त्याला सोडून माझ्याच पगारावर का? आणि हे कायद्यात बसतं का?

उत्तर : दादा, तुमच्या पगारावर जप्ती येणं कायद्यात बसतं. निम्मा कापणं बसत नाही. आणि कर्ज फिटेपर्यंत कापत राहणं तर मुळीच बसत नाही.

तुमच्या साहेबांवर मी फार रागावणार नाही, कारण हेच वाक्य मी स्वतः बोललेली आहे. वकील होण्याआधी पाच वर्षं मी एका सरकारी कचेरीत पगारबिलं लिहीत होते. १९९९ साली एका ड्रायव्हरच्या पगारावर कोर्टाचं जप्ती वॉरंट आलं. वरिष्ठ म्हणाले, ‘निम्मा टाक.’ मी निम्मा टाकला. पगार होता ४,६००, मी २,३०० कापत गेले. सात महिन्यांनी त्याच्या वकिलाने दरखास्तीत, म्हणजे हुकूमनाम्याच्या वसुलीसाठी कोर्टात चालणाऱ्या प्रकरणात, एक पानी अर्ज दिला आणि कोर्टाने आमच्याकडून हिशेबाचा तक्ता मागवला. तो तक्ता करताना मी पहिल्यांदा दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ६० उघडून वाचलं. कापायला हवे होते १,४००. सात महिने एका माणसाच्या घरातून दरमहा नऊशे रुपये माझ्या पेनाने गेले होते. तो ड्रायव्हर नंतर भेटला तेव्हा काही बोलला नाही, फक्त हसला. ते हसणं मला पुढे रात्रीच्या लॉ कॉलेजपर्यंत घेऊन गेलं.

तर हिशेब. पोटगी सोडून इतर कोणत्याही हुकूमनाम्यासाठी पगारातले पहिले १,००० रुपये आणि उरलेल्याचे दोनतृतीयांश, एवढ्याला हात लावता येत नाही. माझ्या त्या ड्रायव्हरच्या वेळी हा पहिला आकडा ४०० होता, १ जुलै २००२ पासून १,००० झाला. तेव्हापासून तिथेच बसलाय. आज त्यात गॅसची एक टाकी आणि वर थोडी भाजी येईल. पण दोनतृतीयांशचा भाग अजून कामाचा आहे. तुमचे ४३,०००, त्यातून १,००० बाजूला. राहिले ४२,०००. त्याचा तिसरा हिस्सा १४,०००. दरमहा एवढेच जायला हवे होते. (सरकारने अधिसूचनेने वगळलेले भत्ते या हिशेबात धरत नाहीत. भविष्यनिर्वाह निधीच्या सक्तीच्या वर्गणीलाही जप्ती लागत नाही.)

आता यातला खरा माल, ज्याकडे कुणीच बघत नाही, तो म्हणजे मुदत. पगाराचा हा जप्तीयोग्य हिस्सा एकूण २४ महिने जप्तीखाली राहिला, सलग असो वा तुटक, की पुढचे १२ महिने तो मोकळा सोडावा लागतो. आणि ते २४ महिने एकाच हुकूमनाम्यापोटी भरले असतील, तर त्या हुकूमनाम्यासाठी पगार कायमचा सुटतो. बाकी किती राहिली याचा इथे संबंध नाही. तुमचं गणित मांडू. जून २०२२ ते मे २०२३, बारा महिने. मधले चार सोडून देऊ, सावध हिशेब तोच. ऑक्टोबर २०२३ ते सप्टेंबर २०२४, आणखी बारा. सप्टेंबर २०२४ च्या पगारालाच चोवीस पूर्ण झाले. त्यानंतर डिसेंबर २०२५ पर्यंत पंधरा महिने कपात चालली, ती एका रुपयाचीही चालायला नको होती.

म्हणजे पगार स्थिर धरला तर कायद्याने तुमच्याकडून २४ गुणिले १४,०००, म्हणजे ३,३६,००० एवढेच पगारातून घेता आले असते. गेले ८,३८,५००. फरक ५,०२,५०० रुपयांचा. (पगारवाढ आणि महागाई भत्त्यामुळे महिन्यागणिक आकडा थोडा हलेल, तुमच्या वकिलांनी तो नीट बसवावा.)

हे कुणाच्या लक्षात कसं येत नाही? कारण मोजणं कुणाचंच काम नसतं. कोर्ट आदेश काढतं, बँकेला पैसे मिळत राहतात, पगारबिल करणारा मागच्या महिन्याचं बिल पुढे ओढतो. आता तर संगणकात एकदा कपातीचा आकडा भरला की तो आपोआप येत राहतो. मी त्या ड्रायव्हरनंतर एक तीस पानी वही ठेवली होती. ज्याच्या पगारावर जप्ती, त्याच्या नावाचं एक पान, आणि दर महिन्याला एक रेघ. चोवीसाव्या रेघेला लाल शाई. कचेरीत त्या वहीची चेष्टा व्हायची.

तुम्ही काय करायचं ते सांगते. आस्थापना विभागाकडून जून २०२२ पासूनचा महिनेवार वेतन दाखला घ्या, त्यात कपातीचा रकाना हवा. कोर्टातून जप्तीच्या आदेशाची नक्कल काढा. आदेशातच १४,००० लिहिलेले असतील आणि निम्मा कापायचं कचेरीनेच ठरवलं असेल, तर तो वेगळा मुद्दा होतो. मग वकिलामार्फत दरखास्तीत अर्ज द्या की मर्यादेपेक्षा जास्त कपात झाली आहे, मुदतही संपली आहे, जप्ती उठवावी. साहेबांच्या टेबलावर भांडत बसू नका. कोर्टाचा आदेश ते स्वतःच्या अधिकारात थांबवू शकत नाहीत, त्यांना कोर्टाचंच पत्र लागतं.

गेलेले जास्तीचे पैसे परत मिळतील का? मागा जरूर. पण त्यावर मुलांची फी ठरवू नका. तो पैसा खऱ्या देण्यातच जमा झाला आहे, तुमची बाकी तेवढी कमी झाली, असं बँक म्हणणार. पुढची कपात थांबवणं हा तुमचा पक्का मुद्दा आहे, जोर त्यावर ठेवा. आणि पगार सुटला म्हणजे कर्ज सुटलं असं समजू नका. हुकूमनामा १२ वर्षं बजावता येतो, बँक तुमच्या दुसऱ्या मालमत्तेकडे वळू शकते.

बँकेने कर्ज देताना तुम्ही ‘पगारातून कितीही कापा, माझी हरकत नाही’ अशा कागदावर सही केली असेल, तर घाबरू नका. कलम ६० ची सूट सोडून देण्याचा करारच रद्दबातल आहे, तसं त्याच कलमात लिहिलं आहे.

आता मित्राचं. हे ऐकायला कडू लागेल. जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराएवढीच असते, भारतीय करार कायद्याचं कलम १२८. आधी कर्जदाराला पिळा, मग माझ्याकडे या, असं जामीनदाराला म्हणता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९६८ सालीच बिहार बँकेच्या प्रकरणात सांगून ठेवलं आहे. ज्याचा पगार दर महिन्याला ठरलेल्या तारखेला होतो, तो बँकेला नेहमीच सोपा. पण तुमचा जो पैसा गेला तो मित्राकडून वसूल करायचा हक्क तुम्हाला आहे, कलम १४५ खाली. त्याची मुदत तीन वर्षं, आणि ती तुम्ही पैसे भरल्यापासून चालू होते. दर महिन्याचा हप्ता वेगळा धरला तर जून ते डिसेंबर २०२२ चे सात हप्ते, म्हणजे दीड लाखाच्या वर रक्कम, आत्ताच मुदतीबाहेर गेली. दर महिन्याला आणखी एक हप्ता निसटतोय. मैत्रीचा संकोच अजून शिल्लक असेल तर त्याची किंमत महिन्याला २१,५०० रुपये आहे, एवढं लक्षात घेऊन ठरवा. तुमच्याशिवाय दुसरा जामीनदार होता का, ते पत्रात नाही. असला तर त्याच्याकडूनही त्याचा वाटा मागता येतो.

प्रश्न : मी साखर कारखान्यात आहे. कामगारांच्या पतसंस्थेचं माझं स्वतःचं कर्ज, शिवाय दोघांना जामीन. सगळ्यांची कपात धरून ३१,००० पैकी हातात ८,२०० येतात. पतसंस्था म्हणते तुम्हीच सही दिली आहे. कलम ६० प्रमाणे दोनतृतीयांश पगार मला मिळायला नको का?

उत्तर : इथे गल्लत होते. कलम ६० आहे ते कोर्टाच्या जप्तीला. तुमची आहे ती संमतीची कपात. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम ४९ खाली सभासद लिहून देतो की माझ्या पगारातून कापून संस्थेला द्या. तसं पत्र आल्यावर मालकाला कापावंच लागतं. कापलं नाही, किंवा कापून भरलं नाही, तर तो स्वतः जबाबदार धरला जातो. त्यामुळे कारखान्याचं टाइम ऑफिस तुमचं ऐकणार नाही, आणि त्यात त्यांचा दोष नाही.

पण म्हणून मर्यादा नाही असंही नाही. वेतन प्रदान अधिनियम, १९३६ मध्ये एकूण कपातीला निम्म्याची मर्यादा होती, आणि सहकारी संस्थेची देणी त्यात असतील तर पाऊण पगारापर्यंत सूट होती. पतसंस्था अनेक वर्षं त्या पाऊणच्या भरवशावर चालल्या. २१ नोव्हेंबर २०२५ पासून वेतन संहिता, २०१९ लागू झाली. तिच्या कलम १८ मध्ये सगळ्या कपाती मिळून वेतनाच्या ५० टक्क्यांच्या वर जाऊ नयेत असं आहे आणि सहकारी संस्थेसाठी वेगळी पाऊणची सवलत ठेवलेली नाही. तुमची कपात २२,८०० म्हणजे जवळजवळ पाऊणच आहे. कारखान्याला या कलमाचा उल्लेख करून लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. जी रक्कम मर्यादेमुळे कापली जाणार नाही ती माफ होत नाही, पुढे ढकलली जाते, व्याजासकट. तेव्हा त्याच आठवड्यात पतसंस्थेत जाऊन हप्ता कमी करून मुदत वाढवून मागा. संचालक ओळखीचे असतील तर सकाळी घरी जाऊ नका, कार्यालयात जा आणि अर्ज आवक करून घ्या.

आणि उद्या पतसंस्थेबाहेरच्या कुणी दिवाणी हुकूमनामा आणला, तर लक्षात असू द्या, मजुरांची मजुरी कलम ६० खाली पूर्ण सुटलेली आहे. तुम्ही हाताने काम करणारे मजूर आहात की ऑफिसातले, ते पत्रात लिहिलेलं नाही, आणि सगळा वाद त्यावरच होतो.

प्रश्न : ताई, मी चाकणला कंपनीत आहे. क्रेडिट कार्डाचे दोन लाख थकलेत. वसुलीवाले रात्री दहाला फोन करतात, कंपनीच्या एचआरला फोन करून ‘हिचा पगार थांबवा’ म्हणाले. एचआरने मला बोलावून घेतलं. लाजेने मेल्यासारखं झालं. कंपनी पगार कापू शकते का?

उत्तर : नाही. फोनवरच्या माणसाचं सांगणं हा आदेश नव्हे. मालक पगारातून काय काय कापू शकतो याची यादी कायद्यात दिलेली आहे, वसुली एजंटचा फोन त्यात नाही. एचआरला दोन ओळींचा ईमेल टाका : माझ्या पगाराबाबत कोर्टाचा लेखी आदेश आल्याशिवाय कोणतीही कपात करू नये, आणि आदेश आल्यास त्याची प्रत मला द्यावी.

सकाळी आठच्या आधी आणि संध्याकाळी सातनंतर वसुलीचे फोन करायचे नाहीत, नातेवाइकांना, ओळखीच्यांना छळायचं नाही, हे रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२२ मध्ये बजावलेलं आहे. कॉलच्या वेळांचे स्क्रीनशॉट काढून बँकेकडे लेखी तक्रार करा. ३० दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन तक्रार होते, वकील लागत नाही.

पण एक सांगते, फोनला घाबरू नका आणि पोस्टाला हलकं घेऊ नका. कार्डाच्या करारात बहुधा लवादाचं कलम असतं, म्हणजे वाद कोर्टाऐवजी नेमलेल्या लवादापुढे चालवायचा. लवादाची नोटीस दूरच्या शहरातून येते, लोक ती फसवणूक समजून कपाटात टाकतात. तुम्ही गेला नाहीत की निवाडा एकतर्फी होतो, आणि तो हुकूमनाम्यासारखाच बजावला जातो. तुमच्या पगारावर खरी जप्ती येण्याची वाट तीच. नोटीस आली तर उत्तर द्या. आणि हो, पगाराचं खातं त्याच बँकेत असेल तर ते दुसऱ्या बँकेत हलवा, कारण खात्यात आलेल्या रकमेवर आपलं येणं वळतं करून घ्यायला बँका उत्सुक असतात.

लाजेचं म्हणाल तर, दोन लाख थकणं हा गुन्हा नाही. देणं आहे, ते देता येतं.

प्रश्न : नवऱ्याने पोटगी दीड वर्ष दिलेली नाही. पगार ६०,००० आहे. त्याच्यावर बँकेचीही जप्ती आहे असं तो सांगतो. मला काही मिळेल का?

उत्तर : मिळेल. पोटगीच्या हुकूमनाम्यासाठी पगाराचा फक्त एकतृतीयांश सुरक्षित असतो, बाकी दोनतृतीयांश जप्त होऊ शकतो. पहिल्या हजारांची आणि २४ महिन्यांची सवलत त्याला इथे नाही. बँकेला त्याच पगारातून जेमतेम १९,६६७ घेता येतात, तुमच्यासाठी ४०,००० पर्यंत जाता येतं. त्याने सांगितलेल्या जप्तीचं दरखास्त क्रमांकासकट लेखी मागा. पुष्कळदा अशी जप्ती फक्त तोंडीच असते.

प्रश्न : आई निवृत्त शिक्षिका. मामाला जामीन राहिली होती. बँक पेन्शन आणि ग्रॅच्युइटीच्या मुदत ठेवीवर जप्ती आणू म्हणते.

उत्तर : पेन्शन आणि ग्रॅच्युइटी दोन्ही कलम ६० खाली सुटलेल्या आहेत. ग्रॅच्युइटीची रक्कम मुदत ठेवीत ठेवली म्हणून तिचं संरक्षण जात नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने राधेश्याम गुप्ता यांच्या प्रकरणात पंजाब नॅशनल बँकेच्या विरोधात ठरवलं आहे. ठेव कोणत्या पैशातून झाली ते दाखवणारं पासबुकाचं पान जपून ठेवा. घर आवरताना जुनी पासबुकं रद्दीत घालू नका.

प्रश्न : मी सफाई कामगार. सावकाराकडून ४०,००० घेतले होते. माझं एटीएम कार्ड, पिन आणि पासबुक त्याच्याकडे आहे. पगार झाला की तोच काढतो, मला पाच-सात हजार देतो. तीन वर्षं झाली. तो म्हणतो कायद्याने पगार त्याचाच.

उत्तर : दादा, तुमचं पत्र शेवटी घेतलं पण तुमचं काम सगळ्यांत आधी करायचं आहे. वर ज्या मर्यादा सांगितल्या त्या कोर्टाला आहेत, बँकेला आहेत, पतसंस्थेला आहेत. या माणसाला मर्यादाच नाही, कारण त्याला मुळात अधिकारच नाही. महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ प्रमाणे परवान्याशिवाय सावकारी करणं हा गुन्हा आहे, आणि परवाना असला तरी दुसऱ्याचं कार्ड घेऊन पगार काढण्याची मुभा कुणालाच नाही.

कार्ड त्याच्याकडे परत मागायला जाऊ नका. बँकेच्या शाखेत जा, तोंडी सांगा, कुणाकडून तरी दोन ओळी लिहून घेऊन अर्ज द्या : कार्ड माझ्या ताब्यात नाही, बंद करा, नवं कार्ड आणि पासबुक द्या, मोबाइल नंबर माझा नोंदवा. मग जिल्हा उपनिबंधक, सहकारी संस्था, यांच्या कार्यालयात सावकाराविरुद्ध तक्रार द्या. तीन वर्षांचं खाते विवरण बँकेकडून घेऊन जोडा. त्यातल्या दर महिन्याच्या एटीएमच्या नोंदी हाच तुमचा पुरावा. तो धमकावेल. तेव्हा एकटे जाऊ नका, युनियनचे दोघे सोबत घ्या, आणि धमकी दिली तर पोलिसांत लेखी द्या.

पण आधी कार्ड. पगार एक तारखेला होत असेल तर तीस तारखेच्या आत.